लोंबत्यांचं पोर

४ सप्टेंबर

शेपटास,

तुझं पत्र आलं. चार पानं त्या लोंबत्यांवर, आणि स्वतः कुठे राहतेस, वेळेवर जेवतेस का, याची एक ओळ नाही. लहानपणी माझ्या मागेमागे दुकानभर फिरायचीस म्हणून तुला शेपूट म्हणायला लागले. आता आकाशातून पडलेल्या त्या वटवाघळांच्या मागे फिरतेस. शेपूट ते शेपूटच, जनावर तेवढं बदललं.

तू लिहितेस, ते फार विचारी आहेत. कशावरून? उलटे लटकतात म्हणून? माझ्या दुकानात कोटही लटकतात, त्यांच्यासाठी सरकारने दुभाषी नेमलेली नाही. गोदामाच्या तुळईला पाय अडकवायचे, मागच्या दोन हातांनी खालच्याचे पाय धरायचे, त्याने त्याच्या खालच्याचे, आणि सगळं घराणं असं दिवसभर लोंबत ठेवायचं. वरच्याला शिंक आली की पिढ्यान्‌पिढ्या जमिनीवर. चार-चार हात असून एकाही हाताने धड काम करत नाहीत. नुसते पुढचे तळहात एकमेकांवर घासतात आणि त्याला तुम्ही भाषा म्हणता.

वर्तमानपत्रात फोटो पाहिला. डोळे हनुवटीखाली! ज्याने कुणी हे शिवलं, त्याने माप न घेताच कापड कापलेलं दिसतं. शेजारी तुमचे साहेब नाकाला रुमाल लावून उभे, आणि खाली छापलंय की 'आम्हाला आपल्या पाहुण्यांविषयी नितांत आदर आहे'. रुमाल लावून आदर! त्यापेक्षा मी बरी. मला किळस येते आणि मी तसं म्हणते.

घाबरत जाऊ नकोस. घाबरलीस तर मला कळवत बसू नकोस.

आत्या

१९ सप्टेंबर

आत्या,

नमस्कार. माझ्या हातून एक गोष्ट झाली आहे. ती आधी सांगते, म्हणजे पुढचं लिहायला धीर येईल. तुझं पत्र मी त्यांना वाचून दाखवलं.

मुद्दाम नाही. मागच्या आठवड्यात त्यांच्यातल्या थोरलीने साहेबांना विचारलं, "या गावात आम्हाला सगळ्यात क्षुद्र कोण समजतं?" साहेब म्हणाले, कुणीच नाही, सगळ्यांना आदर आहे. थोरली म्हणाली, "मग आमच्या उपयोगाचं इथे कुणी नाही." मग तिने मला विचारलं. मला माहीत नाही असं म्हणता आलं असतं. पण तुझं पत्र पिशवीत होतं आणि मला माहीत होतं, आत्या. नसलेलं म्हणायला तू मला शिकवलं नाहीस.

वटवाघूळ त्यांना समजेना, चित्र काढून दाखवावं लागलं. माप न घेता कापड कापल्याचं वाचलं तेव्हा तुळईवरची सगळी माळ तळहात घासायला लागली. मला वाटलं, संपलं, नोकरी गेली. पण थोरली म्हणाली, "हिला दिसतं."

त्यांच्याकडे पोर जरा मोठं झालं की घरचं माणूस त्याला शिकवत नाही. घरच्यांना ते गोडच दिसणार, म्हणतात. जो आपल्याला कस्पटासमान लेखतो त्याच्या घरी पाठवायचं, कारण त्याच्या नजरेतून एकही खोड सुटत नाही. साहेबांनी एका प्रेमळ मुख्याध्यापकांचं नाव सुचवलं. थोरलीने त्यांना नुसतं पाहिलं आणि नको म्हणाली. तिला तू हवी आहेस.

किती दिवसांसाठी, ते मला सांगता येणार नाही. कचेरीचं गुपित नाही, त्यांचा रिवाज आहे आणि मी शब्द दिला आहे. तू नाही म्हणालीस तर मी तसं सांगेन. रागावली असशील तर तेही लिही.

तुझी,
शेपूट

२७ सप्टेंबर

शेपटास,

माझी पत्रं गोदामात जाहीर वाचायला तुला लाज वाटली नाही? उद्या चौकात भोंगा लावून वाच.

मात्र एक आहे. इतकी वर्षं मी खरं तोंडावर बोलते म्हणून गिऱ्हाइकं तुटली, नातेवाईक तुटले, तुझा दादा वर्षातून एकदा उगवतो. त्याबद्दल मला बोलावणं धाडणारी जगात एकच बाई निघाली, आणि ती उलटी लटकते. निदान तिला अक्कल आहे.

पाठव. माझ्या अटी अशा : पंख्याला लटकायचं नाही. वास बाहेर ठेवून यायचं. लाड होणार नाहीत. हे पत्रही वाचून दाखव, म्हणजे मागाहून तक्रार नको.

आत्या

१५ ऑक्टोबर

दादा,

आत्याला जे सांगता येत नाही ते तुला सांगते. कुणाला तरी सांगितल्याशिवाय मला जेवण जात नाही.

पोर आत्याकडे गेलं. त्याचे मागचे दोन हात कापडात बांधलेले आहेत. त्यांच्या सगळ्याच पोरांचे असतात. मागच्या हातांनी दुसऱ्याला तोलून धरायचं असतं, म्हणून बांधलेलं पोर माळेत कायम शेवटी लोंबतं, त्याच्या खाली कुणी नसतं. जो त्याला तुच्छ मानतो तो जेव्हा त्याच्या कामाला चांगलं म्हणेल, तेव्हा त्याला परत आणायचं आणि गाठी सोडायच्या. मात्र ते त्याने आपणहून म्हणायला हवं. कुणी मागितलेलं, सुचवलेलं, शिकवलेलं चालत नाही. म्हणून आत्याला सांगता येत नाही.

हे मला आधी माहीत होतं. पुढचं मला पोर गेल्यावर कळलं. आधी कुणी बोललं नाही आणि मीही विचारलं नाही. थंडी संपेपर्यंत चांगला शब्द आला नाही, तर ते हात कापडातच सुकतात. गोदामाच्या कोपऱ्यात एक जण लोंबतो. थोरलीपेक्षाही म्हातारा आहे, तरी सगळे त्याला 'पोर' म्हणतात. मागचे हात वाळलेल्या शेंगांसारखे. त्याला चांगलं म्हणणारं कुणी भेटलं नाही.

आणि मी पोर कुणाकडे पाठवलं, दादा? आपल्या आत्याकडे.

शेपूट

२४ ऑक्टोबर

शेपटे,

ट्रकच्या बॉनेटवर ठेवून लिहितोय, अक्षराला नावं ठेवू नकोस. आत्याची सवय लागलीय तुला.

आत्या आणि चांगला शब्द! अगं, मी पहिल्यांदा वर्गात पहिला आलो तेव्हा ती म्हणाली, "बाकीची पोरं आजारी होती का?" आई गेल्यावर तिने आपल्याला वाढवलं, मशीनखाली बसवून अक्षरं शिकवली, हे कबूल. पण कौतुक? तुझा तो करडा कोट आठवतो? नोकरीला जाण्याआधी तिच्यासाठी लपूनछपून शिवलास, बाह्या दोनदा काढून लावल्यास. तिने तो उजेडात धरला, खुंटीला अडकवला आणि विचारलं, "इस्त्रीचं बटण बंद केलंस का?" स्टेशनपर्यंत तू एक शब्द बोलली नाहीस. मी होतो बरोबर.

तेव्हा रिवाज-बिवाज बाजूला ठेव. तू हो म्हणालीस की मी तिला सरळ कळवतो : आत्या, एकदा 'छान' म्हण आणि पोराला मोकळं कर. खोटं तर खोटं. त्या लटक्यांना काय कळतंय?

दादा

१२ नोव्हेंबर

शेपटास,

तुझ्या लोंबत्यांचं पोर येऊन महिना झाला. पाठीवर बोचकं बांधून आलं, म्हणून मी त्याला गाठोडं म्हणते. नाव सांगत होतं, पण ते तळहातावर घासायचं नाव, मला काय करायचंय. चार हात म्हणाली होतीस, याला दोनच. मालही कमी भरला. बोचक्यात काय आहे दाखवत नाही, हात नेला की भिंतीला पाठ टेकून उभं राहतं. मीही विचारत नाही, चोरीचं असेल तर मला साक्ष द्यायला नको. पण वरचं कापड नुसत्या गाठी मारून गुंडाळलेलं. ते रोज बघून माझे डोळे दुखायला लागले, म्हणून वरून घालायला एक पिशवी शिवून दिली, आतून मऊ अस्तराची. उपकार म्हणून नाही. माझ्या दुकानात तसलं शिवण दिसता कामा नये.

वास ओल्या पुठ्ठ्यासारखा. कोटांच्या दांडीला लटकून झोपतं. परवा एका गिऱ्हाइकाने त्याचा दंड चाचपून विचारलं, हे चामडं कसं दिलं? मी म्हटलं, तुम्हाला परवडणार नाही.

एकदा तळहात घासला की 'हो', दोनदा घासला की 'का'. दिवसभर 'का' चाललेलं असतं. काज करायला बसवलंय. केलं की माझ्यापुढे धरतं, मी म्हणते उसव, ते उसवतं, पुन्हा करतं, पुन्हा धरतं. तू निदान रडायचीस. हे रडतही नाही, निर्लज्ज.

सगळं वाचून दाखव त्यांना. विशेषतः वासाचं.

आत्या

६ डिसेंबर

दादा,

पाया पडते, आत्याला काही कळवू नकोस. आणि 'त्यांना काय कळतंय' असं म्हणू नकोस. गाठी सोडण्याआधी थोरली सगळ्यांसमोर मला विचारणार : तिला कुणी सांगितलं होतं का? मी नाही म्हटलं की त्याच दिवशी त्या पोराच्या हाती एक तान्हं देतात. वरून खाली फरशीपर्यंत किती उंच आहे ते मी रोज बघते. ज्याला खोटंच चांगलं म्हटलं त्याच्या हातून ते तान्हं सुटलं तर? तो रिवाज मला आधी खुळेपणा वाटला होता. आता नाही वाटत.

पण सुकलेले हातही मी रोज बघते. एक पत्र लिहिलं होतं आत्याला, त्यात नुसतं विचारलं होतं, 'आता काजं जरा बरी होतात का?' मग वाटलं, हेही सुचवणंच झालं. फाडून टाकलं.

तिची पत्रं वाचते तेव्हा माळ खूश असते. ओल्या पुठ्ठ्याला तर त्यांनी पुन्हा वाचायला लावलं. 'तुम्हाला परवडणार नाही' इथे थोरलीने मला थांबवलं. "हे चांगलं म्हणणं झालं का?" दादा, मी हो म्हणू शकले असते. मी म्हटलं, नाही, हा फक्त गिऱ्हाइकाचा अपमान आहे. पत्र संपलं की दर वेळी ती विचारते, "संपलं?" मी म्हणते, संपलं. मग पोराची आई मान वळवते.

मी बरोबर वागले ना? तू हो म्हणशील, पण तरी लिही.

शेपूट

१८ जानेवारी

शेपटास,

आज मी एक गिऱ्हाईक हाकललं. तुला कळवते आहे, कारण तो जाऊन वर्तमानपत्रात काही छापून आणेल आणि तू घाबरशील.

नाक्यावरचा वकील, काळा कोट न्यायला आला होता. कोट घातला, आरशापुढे तिरका झाला, सरळ झाला, बटणं लावली, काढली आणि म्हणाला, "बाई, या खेपेला काजं सुरेख आहेत हो." मी अंगठ्याने दांडीकडे दाखवलं. गाठोडं तिथे लटकून रिळं गुंडाळत होतं. त्याचा चेहरा बघायला हवा होतास! बोटं रुमालाला पुसली आणि म्हणाला, "त्या जनावराच्या हातचं मी अंगावर घालू?"

मी म्हटलं, "वकीलसाहेब, तुमचा जन्म व्हायच्या आधीपासून मी काजं करते. हे काज माझ्यापेक्षा चांगलं आहे. दोरा कुठे ताणलेला नाही, कुठे सैल नाही. इतकं चांगलं मला एकदाही जमलेलं नाही, आणि तुम्हाला तर समोर आलेलं ओळखताही येत नाही. कोट काढा. शर्टावर जा कोर्टात."

गेला शर्टावर. कोट इथेच आहे.

रागाच्या भरात बोलले असं समजू नकोस. दुकान बंद करताना ते काज मी पुन्हा चष्मा लावून पाहिलं. बोलले तसंच आहे.

गाठोड्याने तळहात घासले. 'हो' नव्हतं, 'का'ही नव्हतं. काय होतं कोण जाणे. त्याचं बोचकं मात्र अलीकडे बारीक झालंय, पिशवी सैल पडते. पाठही खाजवतं सारखं. डॉक्टरकडे नेलं तर म्हणे, मी जनावरं तपासत नाही. मी म्हटलं, मग स्वतःला बरं नसतं तेव्हा काय करता? त्या मूर्ख लोंबत्यांना विचार, काय औषध असतं ते. लवकर विचार.

आत्या

२४ जानेवारी

आत्या,

औषध तूच दिलंस.

आता सांगायला हरकत नाही. त्या बोचक्यात त्याचे मागचे दोन हात आहेत. ज्याला ते पोर तुच्छ वाटतं त्याने आपणहून चांगलं म्हणेपर्यंत हात सोडत नाहीत, आणि थंडी संपेपर्यंत म्हटलं नाही तर सुकतात. तुला कळवलं असतं तर तुझा शब्द फुकट गेला असता. एवढे महिने मी काय सोसलं ते लिहीत नाही, तुला आवडणार नाही.

वकिलाचं मी वाचलं. 'माझ्यापेक्षा चांगलं आहे' इथे आले आणि कागद उजेडात धरून पुन्हा पाहिला. थोरलीने पुन्हा वाचायला सांगितलं. मग तिने सगळ्यांसमोर विचारलं, तिला कुणी सांगितलं होतं का? मी म्हटलं, नाही. आणि ते खरं होतं, आत्या.

आणखी एक आहे, ते लिहायला हात होत नाही. चांगलं म्हटलं की शिकवणी संपते. कचेरीची गाडी सोमवारी त्याला न्यायला येईल. मग ते परत येत नाही.

शेपूट

(गाडीच्या ड्रायव्हरच्या हाती)

शेपटास,

म्हणजे चिडले मी वकिलावर, आणि दंडही मलाच. शाबास तुमचा रिवाज.

गाठोडं पाठवते आहे. दोन दिवस जेवू घातलं नीट, वाटेत हे सरकारी लोक काय देतील भरवसा नाही. ड्रायव्हरने त्याला मागे सामानात बसवायला घेतलं होतं, त्याला चार शब्द ऐकवले आहेत. पुढे बसून येईल.

पिशवी माझी आहे. अस्तर चांगलं होतं. परत पाठव.

आत्या

९ फेब्रुवारी

आत्या,

हात वाचले. डाव्याची दोन बोटं अजून वाकत नाहीत, पण वाकतील म्हणतात. कोपऱ्यात एक म्हातारा असतो, त्याचे हात असेच सुकलेले आहेत, तो आपणहून सरकत जवळ आला आणि गाठी सुटताना बघत राहिला. मला तिकडे बघवेना.

मग रिवाजाप्रमाणे पोराच्या हाती एक तान्हं दिलं. मी डोळे मिटून घेतले होते, खरं सांगते. उघडले तेव्हा ते धरलेलं होतं. कुठे ताण नाही, कुठे सैल नाही. त्याच्या आईने मला विचारलं, असं धरायला त्या बाईने कशावर शिकवलं? मी म्हटलं, काजावर. तिला काज म्हणजे काय ते सांगायला माझा अर्धा दिवस गेला. कोटाला मुद्दाम भोक पाडायचं आणि मग त्याच्या कडा जपत बसायचं, हे ऐकून सगळ्यांनी माणसांच्या अकलेची फार कीव केली.

पिशवी मागितली, देत नाही. पुढच्या हातांनी धरून ठेवली आहे. साहेब म्हणाले, जप्त करू. मी म्हटलं, राहू दे, आत्याला मी सांगते. तेव्हा सांगते आहे.

ते अजून दिवसातून कितीदा तरी तळहात दोनदा घासतं. इथे कुणी त्याला 'का' विचारू देत नाही. मी उत्तर देते, जमेल तेवढं.

तू कशी आहेस?

शेपूट

२० फेब्रुवारी

शेपटास,

मी कशी असणार? दुकानात जागा झाली. कोटांना वास लागत नाही. वकील परत आला होता, कोट द्या म्हणाला. महिनाभर शर्टावर हिंडून सर्दी झाली असणार. मी म्हटलं, तो विकायचा नाही. त्याच्या जागी दुसरा शिवून दिला, माझ्या हातच्या काजांचा. त्याला फरक कळला नाही. गाढव.

तुमच्या त्या लोंबत्यांविषयी माझं मत बदललेलं नाही, हे तिथे मोठ्याने वाच. पोराचे हात बांधून परक्याच्या तोंडाकडे बघत बसायचं, आणि परकी बाई तोंडाला कुलूप लावणारी निघाली तर पोर जन्मभर पांगळं. असले आईबाप! एवढं लिहून झालं आणि मशीनपुढे बसले, तर पुढचा टाका पडेना. तुझे कुठले हात मी बांधून ठेवले होते, हे मला विचारू नकोस.

तो करडा कोट आहे ना, तू जाताना शिवलेला. तू गेल्यावर मी तो उसवायला काढला होता. तुझं काहीतरी चुकलेलं असतंच. कॉलर उलटी केली, अस्तर पाहिलं, बाह्या पाहिल्या. सापडलं नाही. पुन्हा पाहिलं. कोट चांगला झाला आहे. मी तो दर थंडीत घालते. तू इथे नसतेस म्हणून तुला दिसत नाही.

हे मला कुणी सांगितलेलं नाही, कुणी सुचवलेलं नाही. तुझ्या थोरलीला हवं असेल तर शपथेवर लिहून देते, वकील ओळखीचा आहे.

आता रिवाजाप्रमाणे तुला न्यायला कुणीतरी गाडी धाडायला हवी. कोण धाडणार? तुझा दादा तो ट्रक घेऊन भलतीकडेच जाईल. तेव्हा रजा टाक आणि आपली तूच ये. येताना काजाच्या बारीक सुया आण, इथला दुकानदार चोर आहे.

आत्या